उशाशी बसलेल्यांचा इतिहास

इतिहास म्हटला म्हणजे राजे, लढाया, तह आणि सभा हीच चित्रे आपल्या मनापुढे उभी राहतात. तापाने फणफणलेल्या मुलाच्या उशाशी जागून काढलेल्या रात्रीची नोंद कोणत्याही बखरीत सापडावयाची नाही. वस्तुतः मनुष्याच्या आयुष्याचा केवढा तरी भाग स्वतःच्या किंवा दुसऱ्याच्या दुखण्यात जात असतो, आणि कुटुंबाची खरी कसोटी लग्नमंडपात न लागता अंथरुणापाशी लागते. मग ह्या बाजूचा इतिहास कोठे शोधावयाचा? आमच्या मते त्याची साधने मराठीत विपुल आहेत. मात्र ती दप्तरखान्यात नसून आमच्या स्त्रियांनी लिहिलेल्या आठवणींत आहेत. ह्या पुस्तकांकडे आपण भाषेच्या गोडव्यासाठी किंवा थोर पतींच्या चरित्रास पूरक म्हणून पाहतो. दुखणे आणि घरातील ताण यांविषयीचा पुरावा म्हणून ती वाचावयास हवीत, एवढेच प्रस्तुत लेखात सांगावयाचे आहे.

हा पुरावा स्त्रियांकडूनच का यावा, ह्याचे कारण शोधण्यास लांब जावे लागत नाही. दुखण्याच्या प्रसंगी तीन माणसे असतात: रोगी, वैद्य आणि उशाशी बसलेले माणूस. रोग्याच्या अंगी बहुधा लिहिण्याचे त्राण नसते. वैद्य औषध लिहून पुढच्या घरी जातो. उरते ते तिसरे माणूस. डॉ. आनंदीबाई जोशी यांचे उदाहरण ह्या दृष्टीने विचार करण्यासारखे आहे. १८६५ साली जन्मलेल्या ह्या मुलीचे लग्न नवव्या वर्षी झाले. चौदाव्या वर्षी झालेले मूल अवघ्या दहा दिवसांत गेले. १८८३ साली त्या अमेरिकेस गेल्या, मार्च १८८६ मध्ये फिलाडेल्फियाच्या स्त्री-वैद्यक महाविद्यालयाची पदवी त्यांनी मिळविली, आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात क्षयाने त्यांचा अंत झाला. वैद्य आणि रोगी ह्या दोन्ही भूमिका एकाच देहात आल्या, परंतु आपली कहाणी सांगण्यास आयुष्य पुरले नाही. पतीने लहानपणी केलेल्या मारहाणीविषयी त्यांनी पतीसच लिहिलेली स्पष्ट पत्रे मागे राहिली. चरित्र मात्र १८८९ साली काशीबाई कानिटकरांनी लिहिले. दुखणाइताची गोष्ट दुसऱ्याने सांगावयाची, हा क्रम येथूनच दिसू लागतो.

त्यानंतर १९१० साली रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यांतील कांही आठवणी’ हे पुस्तक आले. न्यायमूर्ती रानडे यांचा जन्म आमच्याच नाशिक जिल्ह्यातील निफाडचा, १८४२ सालचा. पुढे १८७८ साली त्यांची बदली नाशिकास झाली, तेव्हा हे दांपत्य येथे राहिलेही होते. न्यायमूर्तींच्या अर्थशास्त्रीय विचारांवर आणि सामाजिक कार्यावर ग्रंथांची वाण नाही. परंतु १६ जानेवारी १९०१ रोजी ज्या दुखण्याने त्यांचा अंत झाला, त्या दुखण्यातील रात्री कशा गेल्या हे आपणांस कळते ते रमाबाईंमुळे. घरच्यांनी भिऊ नये म्हणून दुखणाइताने वेदना झाकावी, आणि दुखणाइताने खचू नये म्हणून पत्नीने आपले भय झाकावे, असा हा दुहेरी संयम आहे. त्याच पुस्तकात, पत्नीने शिकावे म्हणून नवऱ्याने धरलेला आग्रह आणि त्यापायी घरातील वडील बायकांकडून तिला सोसावा लागलेला जाच, हेही आले आहे. सुधारकाच्या घरात सुधारणेची किंमत कोणी मोजली, हे सभेच्या वृत्तांतावरून कधीच कळले नसते.

ह्या पुस्तकातील एक गोष्ट मात्र आम्हांस फार अर्थपूर्ण वाटते. रमाबाई पतीचे नाव घेत नाहीत. त्यांचा उल्लेख त्या ‘स्वतः’ असा करतात. १९३८ साली ह्या पुस्तकाचे इंग्रजी भाषांतर निघाले, त्याचे नावही ‘हिमसेल्फ’ असेच ठेवण्यात आले. ज्या माणसाचे नाव उच्चारावयाचे नाही, त्याच्या दुखण्याविषयी किती बोलता येईल? रमाबाईंनी पुष्कळ सांगितले. परंतु जे सांगितले ते भक्तीच्या मर्यादेत. आपण थकलो, चिडलो, क्षणभर का होईना कंटाळलो, असे लिहिण्याची मुभा त्या काळाने त्यांना दिलेली नव्हती.

ही मर्यादा ओलांडली ती लक्ष्मीबाई टिळकांनी. त्यांचा जन्म १८६८ साली नाशिकजवळच्या जलालपूरचा आणि मृत्यू १९३६ सालचा, नाशिकातच झालेला. शाळेचे तोंड न पाहिलेल्या ह्या बाईंची ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून भागाभागांनी प्रसिद्ध झाली आणि मराठी गद्यातील एक अजोड ग्रंथ म्हणून मान्यता पावली. त्यांतील विनोदावर आजवर पुष्कळ लिहिले गेले आहे. तो विनोद काय काम करतो, इकडे मात्र पुरेसे लक्ष गेलेले नाही.

ग्रंथाच्या आरंभीच त्यांच्या वडिलांचे सोवळे येते. ते साधे धर्माचरण नव्हे. साऱ्या घरास वेठीस धरणारी, कशानेच समाधान न पावणारी ती एक भीती होती, आणि तिच्यापायी बायकामुलांचा जीव मेटाकुटीस येत असे. लक्ष्मीबाई त्या सोवळ्याचे मूळ १८५७ च्या बंडाच्या धामधुमीत आजोबांना झालेल्या फाशीत शोधतात. राजकीय इतिहासात त्र्यंबकच्या बाजूचे ते बंड दोन ओळींत आटोपते. येथे त्याच बंडाचा धसका एका घरात पुढच्या पिढीपर्यंत कसा मुरला, हे एका मुलीने पाहून ठेविले आहे. एवढ्या एका प्रकरणासाठीदेखील इतिहासकाराने ह्या ग्रंथाचे ऋण मानावयास हवे.

पुढे वयाच्या अकराव्या वर्षाच्या सुमारास त्यांचे लग्न नारायण वामन टिळकांशी झाले. टिळक प्रतिभावान कवी, मनाचे उदार, आणि तितकेच शीघ्रकोपी व अस्थिर. हातचे असेल ते देऊन टाकावे, घरात उद्याचे काय ह्याचा विचार करू नये, आणि मनात आले की न सांगता निघून जावे, हा त्यांचा क्रम. मुले लहानपणी दगावली, बिऱ्हाडे मोडली आणि पुन्हा मांडली गेली. १० फेब्रुवारी १८९५ रोजी टिळकांनी मुंबईस ख्रिस्ती धर्म स्वीकारला, आणि पत्नीचे शरीर व मन दोन्ही खचली. चार वर्षांहून अधिक काळ ती दोघे वेगळी राहिली. नंतर लक्ष्मीबाई पुन्हा त्यांच्याकडे गेल्या आणि १९०० साली त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. १९१९ साली टिळक वारले. त्यांनी आरंभिलेले ‘ख्रिस्तायन’ पुरे केले ते ह्याच पत्नीने.

आता पाहा, लक्ष्मीबाई पतीस ‘स्वतः’ म्हणत नाहीत. त्या सरळ ‘टिळक’ म्हणतात. ह्या एका आडनावाने केवढे अंतर निर्माण होते! ‘टिळक’ हे एक पात्र होते. त्यांचा राग, त्यांचे जाणे, त्यांचे परत येणे, सारे हाताच्या अंतरावर धरून पाहता येते. आणि जे पाहिले ते असह्य असले तर विनोदाने सुसह्य करून सांगता येते. पतीचा अवमान न करता पतीपायी सोसलेले सारे सांगावयाचे, हा पेच रमाबाईंना मौनाने सोडवावा लागला. लक्ष्मीबाईंनी तो हसून सोडविला. त्या हसण्याखाली शीण नाही असे ज्यास वाटेल, त्याने पुस्तक पुन्हा उघडावे.

येथे आजच्या वाचकास एक मोह होण्याचा संभव आहे. मानसशास्त्राची ओळख झालेला कोणीही सुशिक्षित मनुष्य त्या सोवळ्यास किंवा त्या अस्थिरपणास एखादे अद्ययावत नाव देऊन मोकळा होईल. आम्ही तसे करणे अनुचित समजतो. मृत मनुष्याची तपासणी करता येत नाही, आणि लेखकाने लिहिलेले पात्र म्हणजे नाडी हाती घेता येईल असा रोगी नव्हे. इतिहासकारास विचारता येतो तो प्रश्न वेगळा आहे: ज्या काळी ही नावे नव्हती, त्या काळी घराने काय केले? उत्तर असे की घराजवळ एक शब्द होता, ‘स्वभाव’. ‘त्यांचा स्वभावच तसा’ असे म्हटले की चर्चा संपे. हा शब्द दयाळू होता, कारण त्याने माणसास घराबाहेर काढले नाही. वेड्यांच्या इस्पितळाची पायरी पुष्कळांना चढावी लागली नाही ती ह्याच शब्दामुळे. परंतु तो निर्दयही होता. कारण स्वभावास औषध नसते, आणि तो सांभाळण्याचे ओझे कोणाच्या खांद्यावर आहे हे विचारण्याची सोय त्यात नसते.

ह्या शब्दाखाली किती प्रकारची माणसे झाकली गेली असतील, ह्याची कल्पना यावयास आज ज्या अवस्थेस आपण स्वमग्नता म्हणतो तिचा इतिहास पाहावा. ‘ऑटिझम’ हा शब्द ब्लॉयलर ह्या स्विस वैद्याने १९११ च्या सुमारास दुसऱ्याच एका मनोविकाराच्या संदर्भात रूढ केला. १९४३ साली अमेरिकेत लिओ कॅनर यांनी ११ मुलांचे वर्णन प्रसिद्ध करून ही एक वेगळी अवस्था असल्याचे प्रतिपादन केले. पुढच्याच वर्षी व्हिएन्नात हान्स आस्परगर यांनी तशाच मुलांविषयी लिहिले. आमच्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट ही, की कॅनरच्या निबंधातील पहिल्या मुलाची माहिती त्याच्या वडिलांनी टंकलिखित करून पाठविलेल्या ३३ पानांतून आलेली होती. म्हणजे एका नव्या अवस्थेचा शोध ज्या पायावर उभा राहिला, तो पाया घरातल्या माणसांच्या निरीक्षणाचा होता.

परंतु पुढे काय झाले? इतके बारकाईने लिहिणारे आईबाप स्वतःच विक्षिप्त असले पाहिजेत, असा त्या टिपणांचाच उलटा अर्थ लावण्यात आला. आईच्या मायेच्या अभावी मूल असे होते, हे मत बळावले. १९६७ साली ब्रूनो बेटलहाइम यांच्या ‘द एम्प्टी फोर्ट्रेस’ ह्या ग्रंथाने ते सर्वतोमुखी केले. आधीच खचलेल्या मातांच्या माथी अपराधाचे ओझे आले. तथापि त्याच १९६७ साली क्लारा पार्क ह्या अमेरिकन बाईंचे ‘द सीज’ हे पुस्तक निघाले. आपल्या मुलीच्या पहिल्या आठ वर्षांचा तो वृत्तांत आहे. त्यात सिद्धान्ताचा आव नाही, तक्रार नाही, फक्त रोज काय घडले ते आहे. मानसशास्त्रज्ञ आणि स्वमग्न मुलाचे पिता असलेल्या बर्नार्ड रिमलंड यांनी मातेस दोष देणाऱ्या मताचे खंडन १९६४ सालीच केले होते. १९७७ साली फोल्स्टाइन आणि रटर यांनी जुळ्या भावंडांच्या २१ जोड्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला आणि ह्या अवस्थेत आनुवंशिकतेचा वाटा मोठा असल्याचे दिसून आले. आईस जे ठाऊक होते ते शास्त्रास पटावयास इतकी वर्षे लागली. उशाशी बसलेल्या माणसाची साक्ष नाकारल्याने काय अनर्थ होतो, ह्याचे ह्याहून ठळक उदाहरण आम्हांस माहीत नाही.

आपल्याकडेही पाऊल पडले ते घरातूनच. त्याच १९७७ साली नाशिकात रजनी लिमये यांनी मतिमंद म्हटल्या जाणाऱ्या मुलांसाठी प्रबोधिनी विद्यामंदिर सुरू केले. रंगभूमीवर जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ ह्या नाटकाने अशा मुलाच्या आईबापांचा कोंडमारा मध्यमवर्गीय प्रेक्षकांपुढे मांडला. कायद्याची चाल मंद होती. अपंगांविषयीच्या १९९५ च्या कायद्यात स्वमग्नतेचे नाव नव्हते. ते १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्यात आले आणि २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात पक्के झाले. नाव मिळाले, दाखला मिळाला, शिक्षणाचा हक्क मिळाला. हे थोडे नव्हे. परंतु रात्रीची जागरणे अद्याप बहुतेक घरांत आईच्याच वाट्यास आहेत, आणि ‘आईने लक्ष दिले नाही’ हे वाक्यही अद्याप आपल्या ओसरीवरून पुरते गेलेले नाही.

ह्या साऱ्या वाङ्मयास एक उणीव मात्र आहे, आणि ती मान्य केली पाहिजे. उशाशी बसलेला बोलतो. निजलेला बोलत नाही. रानड्यांच्या दुखण्याविषयी रानडे काय म्हणाले असते, किंवा टिळकांनी आपल्या घरसंसाराचे चित्र कसे काढले असते, हे त्या पुस्तकांतून कळणे शक्य नाही. ज्या मुलास वाचा नव्हती त्याचा तर मागमूसही राहिला नाही. आता ही स्थिती पालटू लागली आहे. अमेरिकेत टेंपल ग्रँडिन यांनी १९८६ साली, जपानात नाओकी हिगाशिदा ह्या तरुणाने २००७ साली, स्वमग्न मनुष्यास जग कसे भासते हे आपल्या शब्दांत सांगितले. ‘स्वतः’ हा शब्द रमाबाईंनी दुसऱ्यासाठी योजिला होता. तो येथे खऱ्या अर्थाने प्रथमपुरुषी झाला.

तरीही जुन्या साक्षीचे मोल त्यामुळे कमी होत नाही. ज्या घरांत आज असे एखादे मूल किंवा असे एखादे वडीलधारे माणूस आहे, तेथील कोणी तरी रोजचे टिपण ठेवावे. त्यात मोठेपणाचा आव नसावा, आणि आपला शीण लिहिण्याची लाजही नसावी. ते छापले जावो वा न जावो. जलालपुरास जन्मलेल्या एका मुलीने घरातले जे पाहिले ते लक्षात ठेविले, म्हणून १८५७ चा एक परिणाम आपणांस कळला. आजच्या घरांत काय चालले आहे हे पुढच्यांस कळावयाचे असेल, तर त्यासही ह्याहून निराळा मार्ग नाही.