कोळसुंदा (तालिमखाना)

ॲकँथेसी म्हणजे अडुळशाच्या कुलातील काटेरी, वर्षायू रानवनस्पती. शास्त्रीय नाव हायग्रोफिला ऑरिक्युलेटा, संस्कृतात कोकिलाक्ष. बुलढाण्यासह महाराष्ट्रभर तळ्यांचे काठ, ओढे व पाणथळ जागी आढळते. उंची साधारण १ मी.; खोड केसाळ. प्रत्येक पेऱ्याभोवती सहा सरळ, तीक्ष्ण काटे असतात आणि त्यांच्या आडच निळसर-जांभळी, द्विओष्ठी फुले झुबक्याने येतात. फुलाकडे गेलेला हात आधी काट्यालाच लागतो.

बारीक, तपकिरी बी जिभेवर ठेवताच ओलावा शोषून बुळबुळीत होते आणि टाळूला चिकटते; तालिमखान्याची ही सर्वांत खात्रीची ओळख. आयुर्वेदात बी पौष्टिक व मूत्रल मानतात. नावातील साम्यामुळे मखाना हाच तालिमखाना समजला जातो, ते चूक आहे. मखाना कमळासारख्या तरंगत्या पानांच्या, वेगळ्याच जलवनस्पतीचे बी होय.