ज्यू निर्वासित बालकांचे ग्रंथविश्व : जीव वाचला, घर हरवले

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात नाझी जर्मनी आणि तिच्या साथीदारांनी सुमारे ६० लाख ज्यूंची हत्या केली. त्यांत अंदाजे १५ लाख बालके होती. या वंशसंहारावरील साहित्यात छळछावण्यांतून परतलेल्यांच्या आठवणींना अग्रस्थान मिळाले, हे स्वाभाविकच होते. मात्र, छावणीचे दार पाहण्यापूर्वीच परदेशी पोहोचलेल्या निर्वासित मुलांचे अनुभव दीर्घकाळ दुय्यम मानले गेले. त्यांचा जीव वाचला, एवढेच त्यांच्याविषयी सांगितले जाई. त्यासाठी त्यांना काय गमवावे लागले, हे पुढे त्यांनीच लिहिलेल्या पुस्तकांतून जगासमोर आले.

पार्श्वभूमी

९ आणि १० नोव्हेंबर १९३८ रोजी जर्मनी व ऑस्ट्रियात ज्यूंची प्रार्थनास्थळे, घरे आणि दुकाने यांवर हल्ले झाले. त्यानंतर ब्रिटनने १७ वर्षांखालील मुलांसाठी प्रवेशाचे नियम शिथिल केले. ‘किंडरट्रान्सपोर्ट’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या मोहिमेतील पहिली तुकडी २ डिसेंबर १९३८ रोजी हार्विच बंदरात उतरली. युद्ध पेटेपर्यंत जर्मनी, ऑस्ट्रिया, चेकोस्लोव्हाकिया आणि पोलंड येथून सुमारे १० हजार मुले ब्रिटनमध्ये पोहोचली. त्यांतील बहुसंख्य मुले ज्यू होती. आई-वडिलांना मात्र या योजनेत स्थान नव्हते. अमेरिकेत २० हजार मुलांना प्रवेश देण्याचा प्रस्ताव १९३९ मध्ये मांडला गेला. तो संमत झाला नाही.

आरंभीची पुस्तके

ॲन फ्रँकची दैनंदिनी १९४७ मध्ये नेदरलँड्समध्ये प्रसिद्ध झाली. ॲन ही मूळची फ्रँकफर्टची, म्हणजे तीही निर्वासित बालिकाच होती. तिच्या कुटुंबाने आश्रय घेतलेला देशच १९४० मध्ये जर्मनीच्या ताब्यात गेला. लपून राहिलेल्या आठ जणांपैकी केवळ तिचे वडील ओटो फ्रँक जिवंत परतले.

ब्रिटनला पोहोचलेल्या मुलांनी लिहिते होण्यास सुमारे पाव शतक लागले. व्हिएन्नाहून वयाच्या दहाव्या वर्षी निघालेल्या लोरे सेगल यांची ‘अदर पीपल्स हाउसेस’ ही आत्मचरित्रात्मक कादंबरी १९६४ मध्ये आली. आई-वडिलांना प्रवेशपरवाना मिळावा म्हणून ही मुलगी इंग्लंडमधून पत्रे लिहीत राहिली. अखेर घरकामगार म्हणून त्यांना परवाना मिळाला. पण त्यानंतरही तिला परक्या कुटुंबांतच राहावे लागले. आश्रयदात्यांविषयीची कृतज्ञता आणि उपकाराचे ओझे या दोन्ही भावना सेगल यांनी भाबडेपणा टाळून मांडल्या.

१९६६ मध्ये कवयित्री कॅरन गेर्शन यांनी ‘वी केम ॲज चिल्ड्रन’ हे सामूहिक आत्मचरित्र संपादित केले. दोनशेहून अधिक माजी निर्वासित मुलांची निवेदने त्यात एकत्र आली. रेल्वे फलाटावरील निरोप, मातृभाषेचे विस्मरण, रेडक्रॉसमार्फत येणारे २५ शब्दांचे संदेश आणि एके दिवशी तेही थांबणे, असे अनुभव त्यात वारंवार येतात. गेर्शन स्वतः जर्मनीतील बीलेफेल्ड येथून या मोहिमेतून आल्या होत्या. त्यांचे आई-वडील संहारात बळी पडले.

बालसाहित्यात ज्युडिथ केर यांच्या ‘व्हेन हिटलर स्टोल पिंक रॅबिट’ (१९७१) या कादंबरीचे स्थान महत्त्वाचे आहे. नाट्यसमीक्षक आल्फ्रेड केर यांच्या या कन्येने १९३३ मध्ये कुटुंबासह बर्लिन सोडले आणि स्वित्झर्लंड व फ्रान्समार्गे लंडन गाठले. आई-वडील सोबत असल्याने या कथेत निर्वासन काहीसे सुसह्य वाटते. एकट्याने निघालेल्या मुलांच्या कथनाशी तुलना करता हा फरक ठळकपणे जाणवतो.

मौन सुटले

छावणीच्या यातना भोगल्या नसल्याने आपण ‘वाचलेले’ म्हणवून घ्यावे का, असा संकोच यांतील अनेकांना होता. १९८० च्या दशकाच्या अखेरीस तो ओसरू लागला. प्रागमधून ६६९ मुलांना हलविण्याच्या कामातील निकोलस विंटन यांचा वाटा १९८८ मध्ये ब्रिटिश दूरचित्रवाणीवरून सर्वतोमुखी झाला. त्याच वर्षी, त्या मुलांपैकी एक असलेल्या व्हेरा गिसिंग यांचे ‘पर्ल्स ऑफ चाइल्डहुड’ प्रसिद्ध झाले. आई-वडिलांपासून दूर असताना लिहिलेल्या दैनंदिन्या त्याचा आधार आहेत. मात्र त्या वाचण्यासाठी दोघांपैकी कोणीही उरले नाही. १९८९ मध्ये लंडनला या मुलांचे पहिले मोठे संमेलन भरले आणि पुढच्याच वर्षी बर्था लेव्हर्टन यांनी सहसंपादित केलेला ‘आय केम अलोन’ हा आठवणींचा संग्रह आला. २००१ मध्ये जर्मन लेखक डब्ल्यू. जी. सेबाल्ड यांनी ‘ऑस्टरलिट्झ’ या कादंबरीत, प्रागहून वेल्समध्ये आलेल्या आणि स्वतःचे मूळ विसरलेल्या मुलाचा उतारवयातील शोध रंगविला.

भारतीय संदर्भ

विक्रम सेठ यांचे ‘टू लाइव्हज’ (२००५) हे त्यांचे आजोबांच्या पिढीतील नातलग शांती सेठ आणि त्यांची बर्लिनची ज्यू पत्नी हेन्नी यांचे चरित्र आहे. हेन्नी १९३९ मध्ये इंग्लंडला पोहोचल्या. मागे राहिलेली आई आणि बहीण मारल्या गेल्या. दुसरा धागा रवींद्रनाथ टागोरांचा आहे. यानुश कोर्चाक यांनी वॉर्सा येथील आपल्या अनाथालयात जुलै १९४२ मध्ये मुलांकडून ‘डाकघर’ या नाटकाचा प्रयोग करवून घेतला. पुढच्याच महिन्यात सुमारे दोनशे मुलांसह त्यांना ट्रेब्लिंका येथे नेऊन ठार मारण्यात आले. त्यांची दैनंदिनी मागे राहिली.

आजचे औचित्य

प्रागहून सहा वर्षांचे असताना आलेले आल्फ डब्स पुढे ब्रिटिश उमराव सभेचे सदस्य झाले. एकट्या निर्वासित मुलांना ब्रिटनने आश्रय द्यावा, यासाठी त्यांनी २०१६ मध्ये कायद्यात तरतूद करवून घेतली. निर्वासित मुलांना प्रवेश द्यायचा, तर त्यांच्या आई-वडिलांचे काय, हा १९३८ मध्ये अनुत्तरित राहिलेला प्रश्न आजही धोरणकर्त्यांसमोर आहे. त्याचे उत्तर शोधताना या पुस्तकांतील साक्ष दुर्लक्षून चालणार नाही.