मेंदू-स्वाक्षरी चाचणी

मेंदू-स्वाक्षरी चाचणी (बीईओएस) : एखादे कृत्य आरोपीने स्वतः केले की त्याविषयी नुसते ऐकले, हे मेंदूच्या विद्युत-आलेखावरून सांगता येते, असा दावा करणारी न्यायसहायक चाचणी. बंगळूरच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य व मेंदूविज्ञान संस्थेत काम केलेले मानसशास्त्रज्ञ चंपाडी रामन मुकुंदन यांनी ती विकसित केली.

आरोपीच्या डोक्यावर इलेक्ट्रोडची टोपी चढवून त्याला डोळे मिटून बसवतात. प्रश्न विचारत नाहीत, उत्तरही मागत नाहीत. कानावर फक्त प्रथमपुरुषी वाक्ये पडतात. समजा, ‘मी लोणी काळभोरला उतरले’, मग ‘मी विष विकत घेतले’. कोणत्या वाक्याला ‘अनुभवजन्य’ आठवण जागी झाली, ते संगणक ठरवतो. गोम इथेच आहे. पुण्याहून सोलापूर रस्त्याने रोज लोणीला ये-जा करणाऱ्या बाईच्या मेंदूत पहिले वाक्य काहीतरी हलवणारच; आणि चौकशीत आठ दिवस विषाचेच विचारले गेले असेल, तर दुसरे वाक्यही तिला अनोळखी राहत नाही.

जून 2008 मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने प्रसादातून विष देऊन खून केल्याच्या खटल्यात एका तरुणीला जन्मठेप दिली. निकालात इतर पुराव्यांबरोबर या चाचणीलाही वजन मिळाले. त्याची चर्चा जगभर झाली. पुढे उच्च न्यायालयाने तिला जामीन दिला. 2008 मध्येच निम्हान्सच्या संचालकांच्या अध्यक्षतेखालील तज्ज्ञ समितीने चाचणी अशास्त्रीय ठरवली.

आठवण पुरावा ठरते का, हा वाद तत्त्वज्ञानाच्या दृष्टीने जुनाच. न्यायदर्शन ज्ञानाचे अनुभव आणि स्मृती असे दोन भाग करते आणि स्मृतीला प्रमा (यथार्थ ज्ञान) मानत नाही : ती केवळ मनावर उरलेल्या संस्कारातून उपजते, मूळ अनुभव खरा असेल तरच खरी. शिवाय केल्याची आठवण म्हणजे दोष नव्हे. विष आहे हे ठाऊक होते का, हेतू काय होता, हे आलेखात उमटत नाही. इच्छा मेंदूत शोधू पाहणाऱ्या मेंदूशास्त्रज्ञ बेंजामिन लिबेट यांच्या 1983 च्या प्रयोगात बोट हलवण्याची इच्छा जाणवण्याआधीच, सेकंदाच्या सुमारे तिसऱ्या हिश्श्याने, मेंदूतील हालचाल सुरू झालेली दिसली. त्यावरून इच्छास्वातंत्र्यच निकालात काढणारे घाई करतात. बोट हलवणे निराळे, प्रसादात विष कालवणे निराळे.

सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य (5 मे 2010) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नार्को, पॉलिग्राफ आणि मेंदू-चाचण्या सक्तीने करण्यास घटनेच्या अनुच्छेद 20(3) व 21 च्या आधारे मनाई केली. संमतीने केलेल्या चाचणीचा निकालही थेट पुरावा होत नाही. तिच्या मदतीने नंतर सापडलेली वस्तू मात्र तेव्हाच्या पुरावा कायद्याच्या कलम 27 खाली दाखल करता येईल, असे या निकालात म्हटले होते.