समुद्रातील जमिनीचा सौदा

जमिनीचा बाजार कसा कोसळतो, हे पाहण्यास आम्हां मुंबईकरांना दूर जावे लागत नाही. 1861 साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस अडला आणि लँकेशायरची सोनेचांदी मुंबईत वाहू लागली. हा पैसा जमिनीत शिरला. तीही अजून समुद्राखाली असलेल्या! बॅकबे कंपनीचा 5,000 रुपयांचा शेअर 50,000 च्या घरात गेला. खरे दुखणे याच्याही मुळाशी होते. 1863 च्या कायद्याने बँक ऑफ बॉम्बेला शेअर तारण ठेवून कर्ज देण्याची मोकळीक मिळाली. शेअरवर कर्ज, त्या कर्जातून पुन्हा शेअर. आमच्या चाळीतला सावकारही इतका भोळा नसतो. एप्रिल 1865 मध्ये युद्ध सरत आले, कापूस उतरला आणि 1 जुलैला वायदे भागवायला पैसाच उरला नाही. 1868 साली बँकही गुंडाळावी लागली.

प्रेमचंद रायचंद सर्वांना ठाऊक आहेत. आम्ही शिरगणती उघडतो. 1864 साली शहरात 8,16,562 माणसे. 1872 साली 6,44,405. मोजणीत चुका असतील; पण भरावाचे काम थांबले तेव्हा टोपल्या वाहणारे हात आधी रिकामे झाले, आणि ज्यांनी शेअरचा कागद कधी पाहिला नव्हता, ते बिऱ्हाड मोडून गावाकडे निघाले.