बैठकीतला आवाज

आमच्या धाराशिवाकडे वाडा, गढी आणि पाटलाची बैठक या गोष्टी कोणाला समजावून सांगाव्या लागत नाहीत. १९४८ साली निजामाची राजवट संपली, पुढे वतनेही गेली. बैठकीतला आवाज मात्र राहिला. तो पडद्यावर जसाच्या तसा आणला निळू फुले यांनी.

निळूभाऊंचा जन्म १९३० सालचा, पुण्याचा. लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत त्यांनी माळीकाम केले. अभिनयाचे धडे राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात गिरवले. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना नाव दिले. १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’त ते झेलेअण्णा झाले, आणि तेथून चाळीस वर्षे हा नट मराठी पडद्यावर वावरला.

देखण्या नायकाचे रूप त्यांच्यापाशी नव्हते. होता तो घोगरा आवाज, अर्धवट मिटलेली नजर आणि बोलता बोलता मध्येच थांबण्याची विलक्षण हातोटी. जत्रेतल्या तंबूत बसलेल्या आमच्या आयाबाया ते दिसताच कडाकडा बोटे मोडत. गावोगावी बायका त्यांना तोंडावर शिव्या देत, हेही प्रसिद्धच आहे. मूळचा माणूस समाजवादी, अंधश्रद्धेविरुद्ध झटणारा; पण शिव्या खाल्ल्या त्या पाटलाच्या वाट्याच्या!

मला स्वतःला ते खरे भेटले ‘सामना’त. डॉ. जब्बार पटेलांचा हा चित्रपट १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात गेला होता. त्यातला हिंदुराव साखर कारखान्याचा धनी आहे. तो पाहुणचार करतो, गोड बोलतो. मारुती कांबळेचे पुढे काय झाले, हे त्याला विचारतो एक दारुडा मास्तर. ती भूमिका डॉ. श्रीराम लागूंची. मीही मास्तरच. गावच्या बैठकीत असा प्रश्न ओठावर येतो तेव्हा समोरचा माणूस ओरडत नाही. हसून चहा मागवतो. तो चहा नरड्याखाली उतरत नाही, हे प्रत्येक खेड्यातल्या मास्तराला ठाऊक आहे. निळूभाऊंनी ते हसू नेमके हेरले होते.

आणि हाच चेहरा १९७९ साली ‘सिंहासन’मध्ये सत्तेच्या समोरच्या बाजूला जाऊन बसला. त्यातला पत्रकार दिगू सत्तेचा सारा खेळ पाहतो आणि शेवटी वेड लागल्यासारखा हसत सुटतो.

१३ जुलै २००९ रोजी निळूभाऊ गेले. बैठका अजून भरतात. पण तिथे कोणी फार हळू, फार गोड बोलू लागला, की आमच्या गावची माणसे आता कान टवकारतात.