लवाद निवाड्यावरील व्याज : दरखास्तीतील आकारणी

व्यापारी वादात लवादाने रकमेचा निवाडा दिला, त्यावर स्थगिती नसली आणि आव्हानाची मुदत टळली, की लवाद व समेट अधिनियम, 1996 च्या कलम 36 नुसार तो दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा बजावता येतो. त्यासाठी दरखास्त दाखल होते. 2018 मधील सुंदरम फायनान्स विरुद्ध अब्दुल समद या निर्णयामुळे, निवाडा दिल्लीत झालेला असला तरी देणेकऱ्याची मालमत्ता वाळूजला किंवा शेंद्र्याला असेल, तर छत्रपती संभाजीनगरच्या न्यायालयात थेट दरखास्त करता येते; दिल्लीहून ती वर्ग करून आणावी लागत नाही. दरखास्तीत येणे रक्कम मांडून दाखवावी लागते, आणि खरा वाद तिथेच, व्याजाच्या रकान्यात सुरू होतो.

व्याजाचे दोन टप्पे आहेत. वादाचे कारण घडल्यापासून निवाड्याच्या तारखेपर्यंतचे व्याज कलम 31(7)(अ) खाली येते. ते किती, कशावर आणि कोणत्या काळासाठी द्यायचे हे लवाद ठरवतो. मात्र करारात व्याजाला मनाई असेल तर त्याचे हात बांधलेले असतात. निवाड्यापासून रक्कम मिळेपर्यंतचे व्याज 31(7)(ब) खाली येते. त्याबाबत निवाडा मूक असेल, तर कायदा स्वतः दर लावतो. पूर्वी हा दर 18 टक्के होता. 23 ऑक्टोबर 2015 पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने तो ‘निवाड्याच्या दिवशीच्या प्रचलित व्याजदरापेक्षा 2 टक्के अधिक’ असा झाला. प्रचलित दर म्हणजे काय, हे व्याज अधिनियम, 1978 मधून घ्यायचे. तिथे तो अनुसूचित बँकांच्या ठेवींवरील कमाल दराशी बांधलेला आहे. ठेवींचे दर आता बँका स्वतः ठरवतात, त्यामुळे हा आकडाही पुराव्याने दाखवावा लागतो. लवादाने निवाड्यातच दर स्पष्ट लिहिला तर हा सारा खटाटोप वाचतो, आणि तो लिहिणे लवादाचे कर्तव्यच मानले पाहिजे.

निवाड्यानंतरचे व्याज नुसत्या मुद्दलावर, की आधीच्या व्याजासकट झालेल्या एकूण रकमेवर? 2010 मध्ये हरियाणा राज्य विरुद्ध एस. एल. अरोरा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पहिला पक्ष घेतला. 25 नोव्हेंबर 2014 रोजी हैदर कन्सल्टिंग विरुद्ध ओडिशाचे राज्यपाल या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो बहुमताने रद्द ठरवला. बहुमतात नागपूरचे न्या. शरद बोबडे होते. निवाड्याच्या दिवशी मुद्दल आणि त्यावरचे व्याज मिळून एकच रक्कम होते, आणि पुढचे व्याज त्या रकमेवर धावते, असा तो निर्णय आहे.

या प्रश्नाचा पुढचा अध्याय छत्रपती संभाजीनगरशी जोडलेल्या कंपनीच्या नावावर आहे. पैठण रस्त्यावरील चितेगावचा व्हिडिओकॉन इंडस्ट्रीज हा उद्योग मॉर्गन सिक्युरिटीजच्या थकबाकीच्या वादात प्रतिवादी होता. लवादाने निवाड्यानंतरचे 18 टक्के व्याज केवळ मुद्दलावर दिले होते. हैदर निर्णयाचा आधार घेऊन मॉर्गनने ते पूर्ण रकमेवर मागितले. 1 सप्टेंबर 2022 रोजी न्या. धनंजय चंद्रचूड यांनी लिहिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती मागणी नाकारली. रकमेच्या एखाद्या भागापुरतेच पुढचे व्याज देण्याची मुभा लवादाला आहे. निवाडा गप्प असेल तेव्हाच कायद्याचा ठरीव नियम लागतो. म्हणून दरखास्तीचा तक्ता करणाऱ्याने आधी निवाड्यातील आदेशाचा परिच्छेद शब्दशः वाचावा, हैदर निर्णय नंतर उघडावा. दरखास्त चालवणारे न्यायालय निवाड्याच्या मागे जाऊ शकत नाही. मात्र करारात मनाई असल्याने लवादाने व्याज दिले नाही, एवढ्यावरून निवाड्यानंतरचे वैधानिक व्याज बुडत नाही, असे आर. पी. गर्ग प्रकरणात 2024 मध्ये ठरले.

एक कल्पित उदाहरण घेऊ. मुद्दल 10,00,000 रुपये, निवाड्यापर्यंतचे व्याज 4,00,000, आणि एकूण 14,00,000 वर सरळ 10 टक्के. दोन वर्षांनी व्याज 2,80,000 होते. त्या दिवशी देणेकरी 10,00,000 रुपये न्यायालयात भरतो आणि म्हणतो, ‘हे मूळ रकमेपोटी घ्या.’ तसे धरले तर पुढचे व्याज 4,00,000 वर, म्हणजे वर्षाला 40,000. पण 2006 च्या गुरप्रीत सिंग विरुद्ध भारत सरकार या पाच न्यायमूर्तींच्या निर्णयानुसार, हुकूमनाम्यात वेगळे सांगितले नसेल तर भरणा आधी व्याज व खर्चात आणि उरलेला मूळ रकमेत जिरतो. मग 2,80,000 व्याजात गेल्यावर 7,20,000 मूळ रकमेतून वजा होतात, 6,80,000 उरतात, आणि पुढचे व्याज वर्षाला 68,000 होते. दोन्ही हिशेबांत त्या दिवशीची बाकी 6,80,000 च आहे. फरक पडतो तो त्यानंतर.

भरणा कशासाठी केला हेही पाहावे लागते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21, नियम 1 प्रमाणे रक्कम न्यायालयात भरून घेणेकऱ्याला नोटीस दिली, की ती बजावल्यापासून तेवढ्या रकमेवरचे व्याज थांबते. केवळ स्थगितीसाठी तारण म्हणून ठेवलेली रक्कम म्हणजे फेड नव्हे, हे रामनाथन चेट्टियार प्रकरणात 1968 मध्येच ठरले आहे.

वाळूज-चिकलठाण्याच्या लघुउद्योजकांना 2006 चा सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास अधिनियम अधिक उपयोगाचा. मालाचे पैसे जास्तीत जास्त 45 दिवसांत दिले नाहीत, तर कलम 16 खाली रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागते. करारात काहीही लिहिलेले असो. बँक दर 6 टक्के धरला तर ते 18 टक्के दिसते, प्रत्यक्षात वर्षाला 19.56 टक्के पडते. शिवाय निवाड्याला आव्हान देणाऱ्या खरेदीदाराला कलम 19 नुसार 75 टक्के रक्कम आधी भरावी लागते. लहान पुरवठादाराच्या दृष्टीने ही तरतूद मोलाची आहे.

महाराष्ट्राच्या परिचयाचा दामदुपटीचा नियम, म्हणजे व्याज मुद्दलापेक्षा जास्त वसूल न होणे, दावा दाखल झाल्यानंतरच्या व्याजाला लागत नाही.

देणेकरी कंपनीविरुद्ध दिवाळखोरी प्रक्रिया दाखल करून घेतली गेली, जशी व्हिडिओकॉनबाबत 2018 मध्ये घेतली गेली, तर दरखास्त जागेवर थांबते. घेणेकऱ्याला दावा मग समाधान व्यावसायिकापुढे मांडावा लागतो, आणि व्याज प्रक्रिया सुरू झाल्याच्या तारखेपर्यंतचेच धरले जाते.