पडद्यावरची पहिली ज्यू आई

गर्ट्रूड बर्ग हे नाव आपल्या वाचकांपैकी फार थोड्यांच्या कानावर असेल. इस्राएलात टेलिव्हिजन 1968 साली सुरू झाले, मुंबईत 1972 साली. बर्गबाईंचे काम त्याच्याही बरेच आधीचे आणि अमेरिकेतले.

त्यांचा जन्म 1899 साली न्यूयॉर्कमधल्या ज्यू कुटुंबात झाला. 1929 साली त्यांनी रेडिओवर गोल्डबर्ग कुटुंबाची मालिका सुरू केली. लिहायच्याही त्याच आणि मॉलीचे, म्हणजे आईचे, काम करायच्याही त्याच. 1939 साली पेसाहच्या भागात, ऐन सेदेर चालू असताना, खिडकीची काच फोडून दगड आत येतो असे त्यांनी दाखवले. जर्मनीत आपल्या लोकांवर काय गुजरत आहे, याची आठवण त्यांनी अशी करून दिली.

जानेवारी 1949 मध्ये ही मालिका टेलिव्हिजनवर आली. खिडकीतून वाकून शेजारणीला हाक मारणारी मॉली पाहिली की आम्हाला उमरखाडीच्या चाळीतल्या गॅलऱ्या आठवतात. 1951 साली उत्कृष्ट अभिनेत्रीचे पहिले एमी पारितोषिक बर्गबाईंना मिळाले.

पण संकट दाराशी येऊन ठेपले होते. जून 1950 मध्ये 'रेड चॅनेल्स' ही पुस्तिका निघाली. कम्युनिस्टांशी संबंध असल्याचा ठपका ठेवलेली 151 नावे तिच्यात होती. मॉलीच्या नवऱ्याचे, जेकचे, काम करणारे फिलिप लोब त्यांपैकी एक. आपण कम्युनिस्ट नाही, असे लोब यांनी सांगितले. त्या काळी कार्यक्रमाचा खर्च जाहिरातदार उचलत असे, म्हणून शब्दही त्याचाच चाले. लोब यांना काढा, असा जनरल फूड्स कंपनीचा आग्रह होता. बर्गबाईंनी साफ नकार दिला, आणि 1951 साली मालिका बंद पडली.

1952 साली ती दुसऱ्या वाहिनीवर परतली, तेव्हा लोब तिच्यात नव्हते. पैशांची तडजोड करून ते बाजूला झाले होते. जेकच्या भूमिकेत दुसरा नट आला. 1955 साली लोब यांनी न्यूयॉर्कच्या एका हॉटेलात आपले जीवन संपवले. बर्गबाईंना पुढे 1959 साली रंगभूमीचे टोनी पारितोषिक मिळाले. 1966 साली त्या वारल्या.

त्यांनी मालिका कायमची बंद ठेवायला हवी होती काय? तिच्यावर इतर कलावंतांचीही पोटे होती, हे आम्ही विसरत नाही. सहकाऱ्यासाठी चालते काम पणाला लावणारे तेव्हा थोडेच होते, आणि बर्गबाई त्यांपैकी एक होत्या. तरी मॉलीचे कौतुक करताना जेकचे नाव गाळू नये, एवढेच आमचे म्हणणे.